दोन अक्षांवर अडीच हजार जनुकसंच : प्रकल्प नोंदी

६ जानेवारी

मागणी साधी वाटते. माणसामाणसांतली जनुकीय विविधता अहवालाच्या एका पानावर दाखवा. वाचक या विषयातले नाहीत. डेटा सर्वांना खुला असलेलाच घेतोय: '१००० जीनोम्स' प्रकल्पाचा तिसरा टप्पा, २०१५ मध्ये प्रसिद्ध झालेला. २६ लोकसमूह, २,५०४ माणसं. जिथे एका अक्षराचा फरक सापडतो अशा जागा, म्हणजे स्निप, सुमारे ८.४७ कोटी. प्रत्येक जागी माणसागणिक एक आकडा: वेगळं अक्षर आईवडिलांपैकी कुणाकडूनच आलेलं नसेल तर ०, एकाकडून आलं तर १, दोघांकडून आलं तर २. गुणाकार केला की २१ हजार कोटींवर खाने होतात. एवढ्यातून माणसामागे दोनच आकडे ठेवायचे, आडवा आणि उभा.

जे टाकलं त्यात काय होतं, हे त्याच पानावर कसं सांगायचं, हा माझ्या लेखी खरा प्रश्न. पान मंजूर करणाऱ्या मॅडमच्या लेखी खरा प्रश्न म्हणजे फेब्रुवारीअखेरची मुदत.

८ जानेवारी

आज नुसती चाळणी. लिंग-गुणसूत्रं बाजूला काढली. उरलेल्या बदलांपैकी सुमारे ६.४ कोटी इतके दुर्मीळ की त्यांची वारंवारता अर्ध्या टक्क्याच्याही आत, १.२ कोटी अर्धा ते पाच टक्क्यांत. पाच टक्क्यांच्या वर जेमतेम ८० लाख. पीसीएसाठी (प्रिन्सिपल कॉम्पोनंट ॲनालिसिस: असंख्य आकडे मोजक्या अक्षांत आटवण्याची पद्धत) हे शेवटचेच घेतले. दुर्मीळ बदल ताज्या नात्यागोत्याबद्दल खूप सांगतात, पण या पद्धतीत ते गोंगाट वाढवतात.

मग छाटणी. गुणसूत्रावर शेजारी असलेले स्निप बहुधा एकत्रच वारशाने येतात, त्यामुळे एकच माहिती पन्नासदा मोजली जाते. प्लिंक या जनुकीय विश्लेषणाच्या सॉफ्टवेअरमध्ये नेहमीचं मापच ठेवलं: ५० स्निपची खिडकी, ५ चं पाऊल, आर-वर्ग (दोन स्निप किती जोडीने येतात त्याचं माप) ०.२. उरले काही लाख.

२०२२ मध्ये याच संचाची ३,२०२ जणांची आवृत्ती आली, जास्त खोलीने, म्हणजे प्रत्येक अक्षर अधिक वेळा वाचलेली. त्यात आई, वडील आणि मूल अशी ६०२ त्रिकुटं आहेत. मोह झाला, पण घरातली माणसं एकत्र घातली की एखादा अक्ष त्या घराण्यालाच वाहिलेला निघतो. जुने २,५०४ च बरे.

१३ जानेवारी

पहिला पीसीए. पद्धत जुनी आहे: कार्ल पिअर्सन १९०१, हॅरॉल्ड हॉटेलिंग १९३३. ग्रुप फोटो काढणारा जसा जास्तीत जास्त चेहरे सुटे दिसतील असा कोन शोधतो, तसा पीसीए ठिपके सर्वांत जास्त पसरलेले दिसतील अशी दिशा शोधतो. ती झाली पीसी १, म्हणजे पहिला घटक. तिला काटकोनात असलेल्या दिशांपैकी सर्वांत जास्त पसरणारी ती पीसी २.

चित्र अपेक्षेप्रमाणेच आलं, तीन टोकांचं. पीसी १ वर एका बाजूला आफ्रिकेतले समूह, दुसऱ्या बाजूला बाकी सगळे. पीसी २ वर एका टोकाला पूर्व आशिया, दुसऱ्या टोकाला युरोप. मधे दक्षिण आशियाई, आणि त्यांच्याच आसपास, काही ठिकाणी थेट त्यांच्यावर, अमेरिका खंडातले मिश्र वंशाचे लोक. लाहोरचा माणूस आणि कोलंबियातला माणूस शेजारी! तिसरा अक्ष उघडला की दक्षिण आशियाई वेगळे होतात. म्हणजे ही जवळीक फक्त या कोनातून दिसणारी आहे. पहिले दोनच अक्ष छापले तर वाचकाला हे कळायला वाव नाही.

दोन तांत्रिक गोष्टी लिहून ठेवतो, कारण दोन्ही चित्रात दिसत नाहीत आणि दोन्ही चित्र बदलतात.

एक, अक्षावर लिहायची टक्केवारी. प्लिंक १.९ सांगितलं नाही तर पहिल्या २० घटकांचीच आयगेन-मूल्यं (त्या त्या अक्षावर ठिपके किती पसरले त्याचं माप) देतं. नेटवर फिरणाऱ्या कित्येक स्क्रिप्टांत पहिलं मूल्य या विसांच्या बेरजेने भागतात आणि अक्षावर छापतात 'पीसी १ : ४० टक्के' असलं काहीतरी. छेद चुकीचा आहे. भागायचं ते एकूण विचरणाने, म्हणजे सगळ्या दिशांतल्या मिळून पसरण्याने. तसं भागलं की आकडा एकेरी टक्क्यांवर येतो. युरोपातल्या १,३८७ जणांवरचा २००८ चा अभ्यास सगळ्यांना माहीत असतो, ज्यात ठिपके जवळजवळ युरोपच्या नकाशासारखे मांडले गेले. त्यात पीसी १ चा वाटा होता ०.३० टक्के आणि पीसी २ चा ०.१५. त्या सुंदर नकाशात एकूण फरकाचा अर्धा टक्कासुद्धा नव्हता. नकाशा खोटा नाही, पण हा आकडा त्याच्या कोपऱ्यात असायलाच हवा.

दोन, अक्षांची लांबी. प्लिंक जे सहनिर्देशक (ठिपक्याच्या जागेचे आकडे) देतं ते एकक लांबीचे असतात, म्हणून सगळे अक्ष सारखेच रुंद दिसतात. आयगेन-मूल्याच्या वर्गमुळाने गुणलं तर पीसी २ आक्रसतो, पीसी ४ तर पार चपटा होतो. चौकोनी चित्र देखणं दिसतं, म्हणून लोक गुणत नाहीत. मी गुणणार.

१५ जानेवारी

रंग. क्रमाने काढलं तर शेवटचा समूह आधीच्यांना झाकतो, आणि शेवटचा कोण हे वर्णानुक्रमावर ठरतं! ठिपके काढण्याचा क्रम यादृच्छिक केला. रंगांधळ्यांना ओळखू येणारी ओकाबे-इटो रंगपट्टी घेतली. लाल-हिरवी जोडी बाद.

१९ जानेवारी

आज फक्त युरोपीय ५०३ घेतले आणि मुद्दाम छाटणी न करता पीसीए चालवला. छाटणी कशासाठी हे अहवालात सांगायचं तर पुरावा हाताशी हवा.

एका घटकावर ठिपक्यांचे चक्क तीन पट्टे पडले, सरळ आणि एकमेकांपासून सुटे, मधल्या जागेत जवळजवळ कुणी नाही. नवख्या माणसाने लगेच म्हटलं असतं, युरोपात तीन टोळ्या आहेत. पण पट्ट्यांत देशांची सरमिसळ. फिनलंडवाले तिन्हीत, इटलीतले टस्कनीवाले तिन्हीत. हा मेळ भूगोलाशी बसत नाही.

मग त्या घटकात कुठल्या स्निपचं वजन किती, हे गुणसूत्रांच्या क्रमाने मांडलं. एक ते बावीस, सगळीकडे सपाट गवत, आणि आठव्या गुणसूत्रावर साधारण ८० लाख ते १ कोटी २० लाखाव्या अक्षरांदरम्यान एकच उंच मनोरा. तिथे डीएनएचा एक मोठा तुकडा काही लोकांत उलटा बसलेला असतो. उलट आणि सुलट तुकड्यांत अदलाबदल जवळजवळ होत नाही, म्हणून तुकड्यातले हजारो स्निप एकगठ्ठा राहतात. तीन पट्टे म्हणजे दोन्ही प्रती सुलट, एक सुलट एक उलट, दोन्ही उलट. एका जागेचा वारसा अख्ख्या लोकसंख्येची रचना असल्यासारखा अक्ष अडवून बसला होता.

असे आणखी प्रदेश आहेत: सहाव्या गुणसूत्रावरचा प्रतिकारशक्तीच्या जनुकांचा पट्टा, दुसऱ्यावरचा दूध पचवणाऱ्या जनुकाभोवतीचा. नुसत्या खिडकीच्या छाटणीवर न विसंबता हे प्रदेश हाताने वगळले. पुन्हा चालवलं, पट्टे गेले, आणि त्या जागी फिनलंड एका बाजूला व दक्षिण युरोप दुसऱ्या बाजूला असा नेहमीचा उतार आला.

वजनांचं हे चित्र अहवालात परिशिष्टात तरी जाणार. पुंजका दिसला की आधी विचारायचं, तो कुठल्या गुणसूत्रावरून आला.

२३ जानेवारी

नमुन्याचं प्रमाण बदलून पाहिलं. युरोपीय सगळे ठेवले, बाकी प्रत्येक खंडातले मोजकेच. युरोपीय समूहांमधल्या बारीकसारीक फरकांना वरचे अक्ष मिळू लागले, आणि ज्यांची संख्या कापली ते मध्याकडे सरकले. माणसं तीच, त्यांचे जनुक तेच, फक्त शेजारी किती घेतले ते बदललं. गिल मॅकव्हीन यांनी २००९ मध्ये याचं गणितच मांडलं आहे: ठिपक्याची जागा वंशावळीवर ठरते तशी नमुना कसा घेतला यावरही ठरते. आपल्या संचात खंडागणिक आकडे असे: आफ्रिका ६६१, पूर्व आशिया ५०४, युरोप ५०३, दक्षिण आशिया ४८९, अमेरिका ३४७. बऱ्यापैकी समतोल, पण हे प्रमाण कुणीतरी ठरवलेलं आहे, निसर्गाने नव्हे.

२७ जानेवारी

यूमॅप. मॅकिनेस, हीली आणि मेलव्हिल यांची २०१८ ची पद्धत: मूळ डेटातले जवळचे शेजारी चित्रातही शेजारी राहतील असे ठिपके मांडते. जनुकीय डेटात आता सगळीकडे दिसते, आणि का ते पहिल्याच चित्रात कळतं: पीसीएतला तो गिचमिड कोपरा उलगडतो, बेटं सुटी होतात, २६ पैकी बरेच समूह ओळखू येतात. अख्खा डेटा न देता पहिले १५ पीसी दिले.

सगळ्यात रंजक गोष्ट दक्षिण आशियाच्या बेटात दिसली. ह्यूस्टनमध्ये घेतलेल्या गुजराती नमुन्यांपैकी काहीजण बाकीच्या गुजरात्यांना सोडून घट्ट वेगळा पुंजका करतात. हे नवीन नाही, जुन्या विश्लेषणांतही दिसलेलं आहे. पिढ्यान्‌पिढ्या ठरावीक वर्तुळातच लग्नं झाली की असंच होतं. एक भाषा, एक नाव, पण नमुना एक नव्हे. पीसीएच्या पहिल्या दोन अक्षांवर हे शोधूनही सापडत नाही. यूमॅपच्या बाजूने बोलायचं तर हाच मुद्दा.

आता विरुद्ध बाजू. प्रत्येक ठिपक्याचे किती शेजारी धरायचे ती संख्या १५ वरून ५ केली, बेटांचे तुकडे झाले. १०० केली, बेटं एकमेकांकडे सरकली. यादृच्छिक बीज (सुरुवातीची मांडणी ठरवणारा आकडा) बदललं तर बेटांची मांडणीच बदलली. आधी पूर्व आशिया दक्षिण आशियाच्या लगत होता, आता मधे रिकामी जागा. पद्धत जपते ती लगतची शेजारओळख. बेटाबेटांतल्या पाण्याची रुंदी मोजून काही सांगता येत नाही. बेटाच्या आकाराचंही तेच: तो मुख्यतः तिथे किती नमुने आहेत त्यावर ठरतो, आत विविधता किती यावर नव्हे.

टी-स्नी ही यूमॅपसारखीच आधीची पद्धतही चालवून पाहिली, २००८ चं, व्हॅन डर मातेन आणि हिंटन यांचं. आपल्या कामापुरता फारसा फरक नाही. पुढे नेत नाही.

२ फेब्रुवारी

बैठक. मॅडमना यूमॅप आवडला. "वाचकाला एका नजरेत कळतं," त्या म्हणाल्या. मी विचारलं, "काय कळतं, मॅडम?" थोडा वेळ कुणीच बोललं नाही. मग आमच्यातला रेखाटनकार म्हणाला, "हेच की माणसांचे वेगवेगळे गट आहेत." नेमकं हेच कळू नये अशी माझी धडपड आहे.

अमेरिकेतल्या 'ऑल ऑफ अस' या आरोग्य आणि जनुकीय माहिती गोळा करणाऱ्या प्रकल्पाचा दाखला दिला. त्यांच्या २०२४ च्या शोधनिबंधात यूमॅपचं चित्र लोकांनी स्वतः सांगितलेल्या वंशानुसार रंगवलं होतं. त्यावर जनुकशास्त्रज्ञांनीच टीका केली: सलग असलेली विविधता त्यात तुटक गठ्ठ्यांसारखी दिसते आणि 'वंश म्हणजे जीवशास्त्रातले कप्पे' हा गैरसमज पक्का होतो. मॅडमनी नोंद घेतली, पण यूमॅप काढून टाका असं काही म्हणाल्या नाहीत. त्यांचंही चूक नाही. पीसीएचं चित्र बघून लोक पान उलटतात.

ठरलं: मी आधी सिद्ध करायचं की सलग गोष्टीचे तुकडे पडतात, मग पुढचं बोलायचं.

५ फेब्रुवारी

कृत्रिम डेटा बनवला. एका ओळीत वस्त्या, प्रत्येकीची देवाणघेवाण फक्त लगतच्या दोघींशी. सीमा नाही, स्थलांतराची लाट नाही, काही नाही. नुसता अंतरागणिक वाढत जाणारा फरक.

पीसी १ वर वस्त्या ओळीने लागल्या, ठीक. पीसी २ मिळवल्यावर ओळीची कमान झाली, दोन्ही टोकं एका बाजूला झुकलेली. डेटात कमान नाही, ती गणितातून येते. नोव्हेम्ब्रे आणि स्टीफन्स यांनी २००८ मध्ये दाखवलं की अंतरासोबत साम्य कमी होत जाणाऱ्या कुठल्याही डेटावर पीसीए लाटांसारखे आकार काढतो. मेनोझी, पियाझ्झा आणि काव्हाली-स्फोर्झा यांच्या १९७८ च्या नकाशांपासून असे उतार प्राचीन स्थलांतराच्या खुणा म्हणून वाचले जात होते; स्थलांतर न होताही ते उमटू शकतात, एवढं त्यातून स्पष्ट झालं.

मग काही वस्त्यांतले नमुने कमी केले, जसं प्रत्यक्षात होतं. सगळीकडून सारखं रक्त कुणी गोळा करत नाही. यूमॅपने नेमकी त्या विरळ जागी ओळ तोडली. तीन सुटे तुकडे, मधे स्वच्छ पांढरी जागा. चित्र मॅडमना पाठवलं. उत्तर आलं: "पटलं. पण मग दाखवायचं काय?"

१० फेब्रुवारी

हे आज करून पाहिलं नसतं तर अहवाल अर्धा राहिला असता.

पीसीएच्या चित्रात नायजेरियातल्या इबादानचे योरुबा एका घट्ट ठिपक्यात बसतात. एकावर एक इतके की वेगळे करता येत नाहीत. युटामधले उत्तर-पश्चिम युरोपीय वंशाचे लोक आणि बीजिंगचे हान चिनी मात्र चित्राच्या दोन टोकांना. बघणारा साहजिकच म्हणणार, योरुबा आपापसांत अगदी सारखे, युरोपीय आणि चिनी खूप वेगळे.

आता चित्र बाजूला ठेवून मोजणी केली. छाटणी नाही, वारंवारतेची चाळणी नाही. दोन माणसं घ्यायची, प्रत्येकाच्या गुणसूत्राची एकेक प्रत समोरासमोर ठेवायची आणि किती अक्षरं वेगळी ते मोजायचं. दोन योरुबांमध्ये हजार अक्षरांमागे साधारण एक फरक. युरोपीय आणि चिनी यांच्यात त्याहून कमी! चित्रात जे एकमेकांना चिकटलेले, त्यांच्यातच फरक जास्त.

दोन्ही खरं आहे. आफ्रिकेबाहेर गेलेल्या लोकांचे पूर्वज थोडेच होते, आणि त्या अरुंद वाटेत बरीच विविधता गळाली. युरोपीय आणि चिनी दोघेही तीच गळती घेऊन आलेले. पुढे वेगळे झाल्यावर युरोपीयांमध्ये काही बदलांची वारंवारता एका बाजूला सरकली, चिन्यांमध्ये दुसऱ्या बाजूला. म्हणजे अख्खा समूह मिळून एका दिशेने हलला. पीसीएला अशीच सामायिक हालचाल दिसते. दोन योरुबांमधला फरक जास्त आहे, पण तो ज्याचा त्याचा. प्रत्येकजण वेगळ्याच दिशेने थोडा हललेला. अशा हजारो दिशांपैकी एकही पहिल्या दोन अक्षांत बसत नाही. त्या दोन आकड्यांपुरतं सगळे योरुबा एकाच जागी येतात.

म्हणून 'जवळ म्हणजे सारखे' हे वाचन इथे चालत नाही. ठिपक्यांची जवळीक सांगते की दोघांच्या पूर्वजांनी मोठे वळसे एकत्र घेतले. दोघांत एकूण फरक किती, ते ती सांगत नाही. रिचर्ड लेवाँटिन यांनी १९७२ मध्ये रक्तगट आणि प्रथिनांवरून काढलेला निष्कर्ष, की मानवी विविधतेपैकी सुमारे ८५ टक्के एकेका लोकसमूहाच्या आतच असते, या चित्रात कुठेच दिसत नाही. दिसू शकतच नाही; चित्र उरलेल्याचं आहे.

मॅडमच्या 'दाखवायचं काय'ला हे उत्तर. पीसीएशेजारी फरकांच्या मोजणीचा आलेख, त्याच रंगांत. एकात योरुबा घट्ट ठिपका, दुसऱ्यात त्यांचाच उंचवटा सर्वांत उजवीकडे, जास्त फरकांच्या बाजूला.

१२ फेब्रुवारी

नवे नमुने जुन्या अक्षांवर बसवता येतात का, हे कुणीतरी विचारणारच. निम्म्या लोकांवर अक्ष काढले, उरलेले त्यावर प्रक्षेपित केले. पीसी १-२ वर ठीक. खालच्या अक्षांवर प्रक्षेपित लोक मध्याकडे आक्रसतात. माहीत असलेला दोष आहे, दुरुस्तीचे मार्गही आहेत. संकेतस्थळावर 'तुमचा ठिपका शोधा' ही कल्पना कुणी काढली तर आधी ही नोंद दाखवायची.

१७ फेब्रुवारी

विषयाबाहेरच्या काही लोकांना दोन्ही मसुदे दाखवले. यूमॅपवर जवळजवळ सगळ्यांनी बेटांची अंतरं वाचली, शेजारी ठळक टीप असून. टीप कुणी वाचत नाही. पीसीएवर एका बाईंनी आफ्रिकेच्या टोकापासून युरोपकडे निघालेल्या विरळ रांगेवर बोट ठेवलं आणि विचारलं, "हे रस्त्यावर कोण आहेत?" बार्बाडोसचे आफ्रिकी-कॅरिबियन आणि नैर्ऋत्य अमेरिकेतले आफ्रिकी वंशाचे लोक. प्रकल्पात त्यांचं लेबल 'आफ्रिका' असलं तरी पूर्वज दोन्हीकडचे. रंग सगळ्या रांगेला एकच होता, तरी त्यांना रांग दिसली.

त्यावरून एक बदल सुचला: पहिल्या चित्रात रंगच द्यायचे नाहीत. सगळे ठिपके करडे. आधी आकार बघू दे. रंगीत चित्र त्याच्या खाली. रंग दिला की डोळा गट मोजायला लागतो.

२० फेब्रुवारी

अंतिम पान असं: वर करडा पीसी १-२, खाली तोच रंगीत, शेजारी पीसी ३-४, सगळ्यांचे अक्ष खऱ्या प्रमाणात आणि एकूण विचरणातला वाटा अक्षावरच छापलेला. उजवीकडे फरकांच्या मोजणीचा आलेख. यूमॅप आतल्या पानावर, वेगवेगळ्या बीजांची चार चित्रं एकत्र, म्हणजे बेटं हलतात हे टीप न वाचताही दिसेल. गुजराती पुंजका चारही चित्रांत टिकतो, तेवढ्यावर बाण.

मॅडमनी पान मंजूर केलं. मुखपृष्ठाचं अजून ठरलेलं नाही. तिथे यूमॅपच हवा असा वरून आग्रह आहे. तसं झालंच तर ठिपके करडे ठेवायचे, यावर आमची तडजोड झाली आहे. उद्या छपाईसाठी फाइल व्हेक्टरमध्ये काढायची. २,५०४ ठिपके आणि इतकी चित्रं म्हटल्यावर ती जड होणार.